अर्धी भिंत कस्टर्डाची

भडक रंगांचा जमाना होता तोवर उस्तादाचा हात धरणारा रंगारी नव्हता. पोपटी म्हणजे पोपटी, डाळिंबी म्हणजे डाळिंबी. चार थेंब इकडचे तिकडे झाले तरी कुणाच्या बापाला कळायचं नाही. आता लोकांना रंग हवा असतो, पण तो दिसायला नको असतो. सगळं कसं दुधात कालवल्यासारखं.

या घरच्या बाईंनी तर नमुना म्हणून वाटीभर कस्टर्डच पुढे ठेवलं. "अस्सा हवा. बघूनच निवांत वाटलं पाहिजे."

"रंगवायचं की चाटायचं?" हाताखाली काम करणारा मेहुणा पुटपुटला.

उस्तादानं कालवलेल्या रंगाचा थेंब अंगठ्याच्या नखावर घेतला, फुंकर मारून वाळवला, वाटीशी धरला. जमला. पण अर्ध्या भिंतीतच डबा संपला. फिका रंग लागेल तेवढा एकदाच कालवायचा, हे तोच मेहुण्याला वीस वर्षं बजावत आलेला. अंदाज चुकला, आणि त्यानं दुसरा डबा कालवला.

सकाळी बाई कमरेवर हात ठेवून उभ्या. "उस्ताद, इकडे कस्टर्ड नि तिकडे नुसतं दूध?"

"वाळलं की एक होईल."

"दुपारपर्यंत बघते. नाहीतर दुसऱ्याला बोलावते." बाई आत गेल्या.

उस्तादाला भिंत एकसारखीच दिसत होती. डावा डोळा ऐन विशीत चुन्याचा शिंतोडा उडून गेलेला. उजव्यात वर्षभरापासून धुकं. मुलगी डॉक्टरकडे चला म्हणून मागे लागलेली. पण उरल्या एका डोळ्याला कुणी सुरी लावणार, या विचारानंच तो विषय बदलायचा.

"वाळेल ना रे?"

"कालच वाळलीय, भाऊजी."

"मग तुला दिसलं नाही?"

मेहुणा ब्रश पुसत राहिला. "दिसलं. मागच्या घरीही दिसलं होतं. ते मी गुपचूप सावरलं."

"आणि मला बोलला नाहीस."

"ताई म्हणाली, बोलू नकोस. तुम्ही जेवण टाकाल."

म्हणजे बायकोलाही माहीत होतं. उस्ताद भिंतीजवळ सरकला.

"रंग बदलतो ती रेघ कुठंय, दाखव."

मेहुण्यानं त्याचं बोट धरलं आणि भिंतीवरून खाली पार जमिनीपर्यंत ओढत नेलं. बोटाला भिंत सगळीकडे सारखीच गुळगुळीत लागली.

उस्ताद तिथंच उकिडवा बसला. मग ढवळायची काठी त्यानं मेहुण्यापुढे धरली.

"सगळ्या भिंतीला पुरेल एवढा कालव. नखावर घे. वाळल्याशिवाय हो म्हणू नकोस."

मेहुण्यानं थेंब नखावर घेतला. फुंकर मात्र सवयीनं उस्तादानंच मारली, स्वतःच्या रिकाम्या अंगठ्यावर.