तिसरं लाल कार्ड

कुमरेबाई माणसाच्या चेहऱ्याकडे सर्वांत शेवटी पाहत. गडचिरोलीच्या शाळेत मी ग्रंथपाल म्हणून रुजू झालो, त्या दिवशी शिक्षकांच्या खोलीत पाय ठेवताच कोपऱ्यातून आवाज आला, "काय जी भाऊ, डाव्या पायाले लहानपणी काही झालतं का तुमच्या?" खाली मान घालून एक बाई शिट्टीच्या दोरीची गाठ सोडवत होत्या. सातव्या वर्षी माझा डावा घोटा मोडला होता. घरच्यांखेरीज ते कोणाला माहीत नव्हतं. मी होय म्हटलं, तेव्हा कुठे त्यांनी वर पाहिलं आणि आपलं नाव सांगितलं. यशोदा कुमरे, शारीरिक शिक्षण.

त्या मैदानी खेळांच्या पंच होत्या, त्यातही चालण्याच्या शर्यतीच्या. ही शर्यत पाहणाऱ्याला थोडी हास्यास्पद वाटते. नियम मात्र कडक आहेत. एक पाय सतत जमिनीला लागलेला हवा, आणि पुढे टाकलेला पाय टेकल्यापासून अंग त्याच्यावरून पुढे जाईपर्यंत गुडघ्यात सरळ हवा. वाटेत ठिकठिकाणी पंच उभे असतात. त्यांनी फक्त डोळ्यांनी पाहायचं, यंत्राची मदत नाही. चूक दिसली की पंच लाल कार्ड लिहून मुख्य पंचाकडे पाठवतो. फलकावर खेळाडूच्या क्रमांकापुढे तांबडी खूण उमटते, पण कार्ड कोणी दिलं ते तिथे लिहिलेलं नसतं. वेगवेगळ्या पंचांची तीन झाली, की वीस किलोमीटरच्या शर्यतीत दोन मिनिटं बाजूच्या चौकटीत उभं राहायचं आणि बाकीच्यांना पुढे जाताना पाहायचं.

हे सगळं मी बाईंकडूनच शिकलो. पंचपरीक्षेचं पुस्तक इंग्रजीत होतं, म्हणून त्या मधल्या सुट्टीत वाचनालयात येत. मी एक नियम वाचून अर्थ सांगायचो, की त्या उठून कपाटांच्या मधल्या बोळातून तो चालून पाहत. मुलं हसत. "हसा रे, हसा," त्या म्हणत, "भाऊ बसून वाचते, मी उभ्यानं वाचते." तीन परीक्षा त्यांनी अशा चालत चालत दिल्या.

मैना उसेंडी त्यांना धानोऱ्याच्या रस्त्यावर भेटली. मोहफुलं वेचायचे दिवस होते. डोक्यावर टोपली घेतलेल्या बायकांच्या रांगेत एक मुलगी सर्वांच्या पुढे होती. बाईंनी स्कूटर लावली आणि दोन किलोमीटर तिच्या मागे पायी गेल्या. पुढे जाऊन तिच्या आईशी त्या गोंडीत बराच वेळ बोलल्या, आणि जूनमध्ये मैना आमच्या वसतिगृहात आली.

चालणं तिच्याकडे होतंच, गुडघा मात्र नव्हता. डोक्यावर ओझं घेणारी माणसं पाय टेकताना गुडघा किंचित सैल सोडतात, म्हणजे टोपलीला हिसका बसत नाही. मैनाची ती सवय मोडायला बाईंना चार वर्षं लागली. दमली की गुडघा पुन्हा मऊ व्हायचा. मग मैदानाच्या पलीकडून बाईंचा आवाज यायचा, "मैने, टोपली उतरव!" मोकळ्या डोक्याची मैना तिथूनच ओरडायची, "कुठी हाय वो बाई टोपली?" "डोक्स्यावरून उतरली, गुडघ्यातून नाई उतरली!" संध्याकाळी पाहिलं तर दोघी मैदानाच्या कडेला बसून एकाच डब्यातून जेवत असायच्या. बाईंना मूलबाळ नव्हतं. त्याबद्दल त्या कधी बोलल्या नाहीत, आणि मी विचारलं नाही.

मग आशियातल्या देशांची मैदानी स्पर्धा आपल्याकडे भरली. मैना देशाच्या संघात निवडली गेली, आणि पंचांच्या यादीत प्रत्येक देशाचा एक याप्रमाणे आपल्या देशाच्या पंच म्हणून बाई निघाल्या. जाताना मी विचारलं, "तुमचीच मुलगी शर्यतीत आहे. अवघड नाही जाणार?" त्या म्हणाल्या, "तिथी मले पाय दिसतीन भाऊ, पोट्टी कुठी दिसते?" हे त्या नेहमीच्या ठामपणानं बोलल्या नाहीत, एवढं मला तेव्हा जाणवलं होतं.

आम्ही शर्यत शाळेच्या सभागृहातल्या पडद्यावर पाहिली. दीड तास मुलींचा नुसता कल्ला चालला होता. शेवटच्या दोन फेऱ्या उरल्या तेव्हा चीनची आणि जपानची अशा दोघी पुढे होत्या आणि तिसरी मैना. तिच्या क्रमांकापुढे दोन तांबड्या खुणा होत्या. तिसरी उमटली तेव्हा आमच्यापैकी बहुतेकांना ती दिसलीसुद्धा नाही. मैना एकाएकी रस्ता सोडून चौकटीत जाऊन उभी राहिली, तेव्हा कळलं. दोन मिनिटं ती कमरेवर हात ठेवून उभी होती. दोघी जणी तिच्यासमोरून निघून गेल्या. मैना पाचवी आली. पदक गेलं.

तरीही गडचिरोलीच्या बसस्थानकावर ढोल वाजले. देशासाठी चालून आलेली पहिली पोरगी म्हणून तिच्या गावचे लोक भल्या पहाटे निघून आले होते. मैना संघाबरोबर नागपूरला उतरून पुढे आली होती आणि बाई मागच्या गाडीनं. स्पर्धेच्या काळात पंचांनी खेळाडूंशी बोलायचं नसतं, त्यामुळे त्या दोघी तिथेच पहिल्यांदा समोरासमोर येत होत्या. मैनाच्या गळ्यात झेंडूचा हार होता. तिचा मामा तावातावानं सांगत होता, "तो जपानचा पंच होता ना चष्मेवाला, त्यानंच केलं! आपली पोट्टी पुढं चालली, त्याले पाह्यवलं नाई!" लोकांनी त्या चष्मेवाल्याला यथेच्छ शिव्या घातल्या. एकानं बाईंना विचारलं, "तुमी तं तिथीच होत्या जी बाई. काऊन नाई भांडल्या त्याच्यासंगं?"

बाईंच्या हातात पिशवी होती, ती त्यांनी खाली ठेवली. "त्या मानसाले शिव्या देऊ नका," त्या म्हणाल्या. "तिसरं कार्ड माझं होतं."

ढोलवाल्यानं हात थांबवला. मामाला ते आधी समजलंच नाही. समजल्यावर तो म्हणाला, "आपल्याच पोरीले? लाज नाई वाटली?" बाई मैनाकडे पाहत होत्या. मैनानं हार काढला, मामाच्या हातात दिला आणि ती गावच्या जीपमध्ये जाऊन बसली.

पुढे मैना नागपूरच्या सरावकेंद्रात गेली. दीड वर्षात तिनं बाईंना फोन केला नाही. बाजारात लोक बाईंना ऐकू जाईल अशा बेतानं टोमणे मारत. बाई भाजी निवडत राहायच्या. एकदा वाचनालयात मी भीतभीत म्हटलं, "इतक्या दुरून, क्षणभरात... तुमची नजर चुकली असेल."

"बाकी सारं चुकन भाऊ, हे नाई चुकत," त्या म्हणाल्या. "माझी माय टोपली घेऊन तसीच चाले. मी सोता तसी चालली बारा वर्स. जपानच्या मानसाले नसन दिसलं. मले कसं नाई दिसन?" मग म्हणाल्या, "दिसलं नसतं तं बरं झालं असतं." त्या दिवशी त्या पुस्तक न घेताच गेल्या.

पुढच्या पावसाळ्यात त्यांना कर्करोग असल्याचं निदान झालं, आणि दिवाळीनंतर त्या अंथरुणाला खिळल्या. त्या जाण्याच्या नऊ दिवस आधी, दुपारी मी त्यांच्याजवळ बसलो असताना मैना दारात येऊन उभी राहिली. तिला मीच कळवलं होतं. बाईंनी आधी तिच्या पायांकडे पाहिलं.

"बस वो. पानी पी."

मैना बसली नाही. भिंतीला टेकून, पाठ केल्यासारखं एका दमात म्हणाली, "बाई, बाकीच्या पंचांपुढं मी गुडघा कसून गेली. जीव चालला होता तरी कसला. तुमच्यापाशी आली अन् सैल सोडला. वाटलं, इथी आपली बाई हाय, इथी थोडं चालन." तिनं खांद्यावरची पिशवी खाली ठेवली. "दीड साल मले हेच सांगता नाई आलं."

बाईंनी डोळे मिटून घेतले. मला वाटलं, त्यांना गुंगी आली. पण त्या म्हणाल्या, "भाऊ, मले भाईर खुर्चीवर बसवून द्या." आणि मैनाला, "चालून दाखव."

गल्ली जेमतेम शंभर पावलांची. शेजारची शेवंता ओट्यावर तांदूळ निवडत होती. ती म्हणाली, "काय जी बाई, बिमारीतबी पंचगिरी?" बाईंनी हातानंच तिला गप्प केलं. मैना टोकापर्यंत जाऊन आली. खुर्चीसमोरून जाताना तिनं हळूच बाईंच्या तोंडाकडे पाहिलं. दुसऱ्यांदाही पाहिलं.

"माझ्याकडं काऊन पाहून राह्यली?" बाईंचा आवाज आता फार बारीक झाला होता. "समोर पाह्य."

मला गुडघ्यातलं आजही काही कळत नाही. त्या दुपारी मैना आणखी चार वेळा गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन आली, आणि एकदाही तिनं आमच्याकडे पाहिलं नाही.