त्या सोमवारी मी झोपले होते

हे मी आजवर कुणापुढं बोललेले नाही. आईपुढं नाही, संघटनेत नाही, आणि जिच्यापुढं बोलायलाच हवं होतं तिच्यापुढं तर नाहीच. इतकी वर्षं सभांमधून मी दुसऱ्यांचे गुन्हे मोठ्यानं वाचून दाखवले — मुकादमाचे, दुकानदाराचे, कचेरीचे. तुम्ही ऐकलेही असतील. माझा आवाज लांबवर जातो. आज तो खाली आणते. कारण गुन्हा माझा आहे.

गुन्हा कसला? तर — झोपले. हसाल तुम्ही. हसा. पण तेवढ्यावर संपत नाही.

दुष्काळाचं साल होतं. शिरूर तालुक्यात केंदूरच्या बाजूला माळावर खडीचं सरकारी काम चाललेलं. बाया उन्हात दगड फोडायच्या, दुपारी वाटपात मिळालेली सुकडी खायच्या, पोरं ढिगाऱ्याच्या सावलीला निजवायच्या. मी आणि मेहरून — नाव बदललंय, पण तिला कळेल — दोघी तिथं संघटनेचं काम करायचो. मी दौंडची, रेल्वेच्या ड्रायव्हरची मुलगी. ती शिरूरच्या एका टेलरमास्तरांची. दोघींचं कॉलेज नुकतंच सुटलेलं. खांद्याला झोळी आणि तोंडात क्रांती.

आमची मागणी होती — आठवड्याला एक भरपगारी सुट्टी. बाजाराच्या दिवशी काम बंद असे, पण मग मजुरीही बंद, आणि तो दिवस रेशनच्या रांगेत सरायचा. ती काय विश्रांती झाली? आमच्याकडं सोमवारी बैल जुंपत नाहीत, महादेवाचा वार म्हणून. त्यावरून मी पत्रक लिहिलं : 'बैलाला सोमवार, मग बाईला कोणता वार?' बायांना वाचून दाखवलं तर एक म्हातारी म्हणाली, "आवं ताई, ह्या साली बैलाला रोजचाच सोमवार हाय. छावनीत बसून खातोय की!" सगळ्या हसल्या. मी हसले नाही. मुद्दा पातळ होतोय असं मला वाटलं. अशी होते मी.

मी झोपत नसे. म्हणजे, कमीत कमी झोपत असे, आणि ते सगळ्यांना कळेल असं बघत असे. दमले म्हणणं ही मला फितुरी वाटायची. बाया जेवायला टेकल्या की मी उभ्या उभ्याच भाकरी खायची. त्यांनी बघावं म्हणून — हो, बघावं म्हणूनच. हे आज लिहिताना पहिल्यांदा कबूल करतेय.

तर तो सोमवार. दुपारी तालुक्याचे साहेब कामाची पाहणी करायला येणार होते. मी सकाळी दौंडला जाऊन छापखान्यातून पत्रकं घ्यायची, दुपारच्या आत परत यायचं, आणि साहेबांसमोर मीच बोलायचं, असं ठरलेलं. मीच ठरवलेलं. पत्रकं तयार होती. एस.टी.ला अवकाश होता, म्हणून घरी डोकावले. आईनं गरम भाकरी वाढली, माझ्याकडं बघितलं आणि म्हणाली, "डोळं बघ कसं झाल्यात. निज की घटकाभर."

"बस आहे आई."

"बस काय एकच हाय व्हय दौंडाला?"

पाठ टेकावी म्हणून पत्रकांच्या गठ्ठ्यावर डोकं ठेवलं. फक्त पाठ टेकावी म्हणून.

ड्रायव्हरच्या घरात झोप ही ड्यूटीच असते. दादा, म्हणजे माझे वडील, रात्रपाळी करून आले की रेस्ट पुरी झाल्याशिवाय त्यांनी इंजिनावर पाय ठेवायचा नाही, आणि तोवर आई रेल्वे क्वार्टरांच्या लाइनीतल्या पोरांना आमच्या दारासमोर फिरकू द्यायची नाही. त्या दिवशी तिनं माझ्यासाठी तेच केलं असणार. ज्या घरात विश्रांतीची एवढी राखण व्हायची, त्या घरातून मी ही अक्कल कुठून घेऊन निघाले की झोप म्हणजे पाप? कोण जाणे.

जाग आली तेव्हा ऊन उतरलं होतं. अंग हलकं झालं होतं — कितीतरी महिन्यांनी. मग घड्याळ बघितलं. बस गेली. साहेब येऊन गेले असतील.

दुसऱ्या दिवशी माळावर पोचले. वाटलं होतं, सगळं विस्कटलं असेल. काहीच विस्कटलं नव्हतं! मेहरून बोलली होती. बायांनी साहेबांना घेरलं होतं. मुलांसाठी मांडव आणि पाण्याची पिंपं त्यांनी तिथल्या तिथं कबूल केली होती, सुट्टीचं वर कळवतो म्हणाले होते. मेहरून धावत आली. "अगं, होतीस कुठं? आम्हाला काळजी लागून राहिली."

मी म्हणाले, "छापखान्यात लाइट नव्हती. दिवसभर उभी होते."

त्या साली लाइट सारखीच जायची. कुणाला शंका आली नाही. पण 'दिवसभर उभी होते' — हे कुणी विचारलं होतं? ते मी पदरचं घातलं. आणि खरं टोचलं ते खोटं नव्हेच. टोचलं हे, की माझ्यावाचून काही अडलं नव्हतं. मी निजले होते आणि जग नीट चाललं होतं. ही सुटकेची बातमी होती हो! मला ती अपमानाची वाटली.

पुढच्या आठवड्यात बैठक भरली. बायाही होत्या. मेहरून उठली आणि सरळ म्हणाली, "मला चार दिवस घरी जाऊ दे. पाय उचलत नाहीत माझे."

मी सगळ्यांसमोर म्हणाले, "ह्या बाया दगड फोडून थकत नाहीत, आणि तू भाषणं करून थकलीस?"

ती गोंधळून म्हणाली, "थकत नाहीत असं कुणी सांगितलं तुला? थकतात म्हणूनच तर आपण सुट्टी मागतोय ना?"

बाया खुदकन हसल्या. "आता गं बया! बराबर बोलली की," मागून कुणीतरी म्हणालं. माझंच पत्रक तिनं माझ्यापुढं धरलं होतं. इथं थांबता आलं असतं. मी काय केलं? म्हणाले, "मी एक दिवस घेतलेला नाही. विचार कुणालाही. जा तू, गादीवर लोळून ये, आणि मग येऊन गरिबांचं दुःख सांग."

हसू थांबलं. मेहरूननं माझ्याकडं बघितलं. संशयानं नाही — विश्वासानं. तिनं ते खरं मानलं. म्हणाली, "बरं. नाही जात."

ती गेली नाही. उन्हातून गावोगाव हिंडत राहिली, आणि एक दिवस खडीच्या ढिगाशीच कोसळली. डोळे पिवळेजर्द. कावीळ अंगात मुरली होती. महिनोन् महिने अंथरुणावर होती. मी एकदाच भेटायला गेले. तिचे अब्बा मशीन थांबवून उठले, "बैठो बेटी, थक गई होगी," म्हणाले. मी बसले. चहा प्याले. निघाले. मेहरून संघटनेत परत आली नाही.

यंदा ती शिरूरच्या एस.टी. स्टँडवर भेटली. शाळेत शिकवते. सोबतच्या बाईंना माझी ओळख करून दिली, "ही दगडाची बाई. कधी झोपायचीच नाही. मला नाही जमलं, मी मुळातच कच्ची." आणि मग हसत, "आता ताप आला तरी रजा टाकत नाही मी. हिची आठवण येते, लाज वाटते."

ऐकलंत? इतकी वर्षं ती माझ्या एका थापेच्या धाकात तापानं फणफणत वर्गात उभी राहतेय. आणि मी? मी तिथंही हसले. बस आली, चढले.

म्हणून लिहायला बसले. वाटलं, लिहवणार नाही. उलट — जांभई आली. खोटं राखायचं तर माणसाला किती जागावं लागतं! अर्धं लिहून मी भर दुपारी आडवी झाले. शेजारीण हाक मारत आली, "काय करताय ताई?" म्हटलं, "झोपलेय." किती सोपा शब्द. ती "निजा, निजा" म्हणून गेली. आकाश कोसळलं नाही. उठून हे पुढचं लिहितेय.

छापण्याआधी मेहरूनला मी हे वाचून दाखवणार नाही. तिच्यासमोर बसून वाचलं, तर तिला माझी समजूत काढावी लागेल. तेवढंही काम तिच्यावर नको. ती वाचेल. रागावेल, फाडून टाकेल, गप्प राहील — ते तिचं.

तू कच्ची नव्हतीस, मेहरून. तू आजारी होतीस, आणि पाय उचलत नाहीत हे मोकळेपणी म्हणालीस. मी दौंडला आईच्या घरी दुपारभर झोपले होते. आणि झोप फार छान लागली होती.