भाच्याचं कुलूप

केस पांढरे झाले म्हणून राग थोडाच पांढरा होतो? मी भाच्याला कोंडलं. बरं केलं!

भाचा म्हणजे माझ्या अक्काचा एकुलता एक लेक. लोकांचे कपडे शिवून शिवून तिने त्याला वाढवलं. आता तिला विसर पडतो. जेवली की नाही, नवरा गेला की आहे, काही आठवत नाही. मी खालच्याच मजल्यावर राहते. म्हटलं, "माझ्याकडे राहू दे तिला." तर म्हणतो, "मावशी, आई माझी आहे. मी बघतो. दिवसा एकटी मस्त राहते ती."

बघतो म्हणजे काय? गॅस काढून नेला, सुऱ्या नेल्या. रात्री झोपायला यायचं, सकाळी खाणावळीचा डबा ठेवायचा, बाहेरून कुलूप ठोकायचं आणि कामावर जायचं. शहाण्याने सगळं नेलं, इस्त्री तेवढी विसरला. शिवणाऱ्या बाईच्या घरात इस्त्री कुणाच्या डोळ्यांत भरते?

त्या दुपारी अक्काने कसलीशी बाही इस्त्रीला घेतली आणि इस्त्री तशीच कापडावर सोडून उठली. जन्मात असं केलं नव्हतं तिने. धूर माझ्यापर्यंत आला. बाहेरून मी दार बडवतेय, आतून ती, आणि मध्ये त्या मेल्याचं कुलूप! शेजाऱ्यांनी पहारीने तोडलं. अक्का वाचली, हात भाजला. हा संध्याकाळी उगवला आणि म्हणाला, "उद्या मजबूत कुलूप आणतो."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

दुसऱ्या दिवशी आणलंन खरंच. तो अंघोळीला गेला तसं मी अक्काला बाहेर घेतलं, त्याचा मोबाईल उचलला आणि त्याचंच नवं कुलूप दाराला घातलं.

"मावशी, उघड! जीव घाबरा होतोय!"

"का रे? गॅस नाही, सुऱ्या नाहीत. राहा की मस्त एकटा!"

संध्याकाळपर्यंत उघडणार नव्हते. पण अक्का दाराशी गेली. "कोण आहे गं आत?"

"चोर."

"असू दे. उघड. कोंडलं की माणूस फार घाबरतं गं."

आगीचं तिला काहीएक आठवत नव्हतं. हे मात्र आठवत होतं.

मी उघडलं. तो घामाने निथळत होता. अक्काने पट्टी बांधलेल्या हाताने त्याचा गाल पुसला.

"घाबरलास बाळा? तुझी आई कुठे असते रे?"

त्याचं तोंड पांढरंफटक पडलं. एवढा सूड मलाही घेता आला नसता.

"ती माझ्याकडे राहते," मीच सांगितलं, आणि किल्ली कमरेला खोचली.