चाय उंबऱ्यावर ठेवली हाय

आठवीच्या मुलांना जडत्व शिकवायला लागून मला चौदा वर्षं झाली. ग्लासवर पुठ्ठा ठेवायचा, पुठ्ठ्यावर रुपया ठेवायचा, पुठ्ठ्याला टिचकी मारायची. पुठ्ठा उडतो, रुपया ग्लासात पडतो. मुलं दोन मिनिटं खूश होतात. मग मी फळ्यावर व्याख्या लिहिते आणि ती वहीत उतरवतात. स्थिर वस्तू स्थिर राहते, चालती वस्तू चालत राहते, बाहेरून बल लागेपर्यंत. हे मी इतक्या वेळा लिहिलं आहे की लिहिताना दुसरा विचार करता येतो. माझं घर कामरगावला, शाळा धनजला. येता-जाता मोटरसायकलवरही मी दुसराच विचार करत असते.

माझे सासरे एसटीत ड्रायव्हर होते. आमच्याकडे सासऱ्यांना मामाजी म्हणतात. तीस-बत्तीस वर्षं त्यांनी गाडी चालवली. निवृत्त झाल्यावर पहिले चार महिने ते पहाटे साडेचारलाच उठायचे, दाढी करायचे, खाकी शर्ट घालायचे आणि ओट्यावर जाऊन बसायचे. सहा वाजता शर्ट काढून ठेवायचे. कुणी काही विचारलं नाही. तेव्हा मला ते गतीचं जडत्व वाटलं आणि वर्गात उदाहरण म्हणून वापरावं असंही वाटलं, पण वापरलं नाही.

पाचव्या महिन्यात पावसाळी ताप आला. सगळे सांधे धरले. तीन आठवडे ते पलंगावर होते, नंतर ओसरीतल्या प्लास्टिकच्या खुर्चीवर आले. ताप गेला, सूज गेली. खुर्ची राहिली.

दिवाळी झाली, तरी मामाजी खुर्चीतच. कारंज्याला डॉक्टरांकडे नेलं, तेही जीप दारापर्यंत आणून. डॉक्टरांनी गुडघे वाकवून पाहिले, पाय दाबून पाहिले.

"दुखणं गेलं यांचं," ते म्हणाले. "आता नुसतं बसणं राहिलं. त्याला माझ्याकडे गोळी नाही. चालवा."

चालवा म्हणणं सोपं होतं. मी शिक्षिका असल्यामुळे आधी समजावून सांगितलं. बसून राहिल्यानं स्नायू कसे झिजतात ते मी एका कागदावर आकृती काढून दाखवलं. मामाजींनी आकृती नीट पाहिली.

"चित्र चांगलं काढते तू, बेटा," म्हणाले. आणि कागद घडी करून खिशात ठेवला.

वाशीमहून मी रबरी टोकाची काठी आणली. ती खिळ्याला टांगली गेली. मोबाईलमध्ये पावलं मोजायची सोय करून दिली. संध्याकाळी पाहिलं तर एकशे साठ पावलं निघाली. मी आनंदाने सासूबाईंना सांगितलं, तर त्या म्हणाल्या, "मोबाईल माया जवळ होता. मी गोठ्यात जाऊन राह्यली होती."

नवऱ्याची पद्धत वेगळी. त्यांना वाशीमच्या ऑफिसातून यायला सात वाजतात, समजावण्याइतका वेळ नसतो. एका रविवारी त्यांनी सरळ मामाजींच्या काखेत हात घातले आणि उचललं. मामाजी उठले. खुर्चीही उठली, कारण तिचे हात त्यांच्या कमरेत अडकले होते. तसेच दोघं, म्हणजे तिघं, ओसरीच्या टोकापर्यंत गेले आणि परत आले. नवऱ्यानं घाम पुसला. मामाजींनी बसल्याबसल्या रिमोट मागितला.

मला राग यायचा. आणि रागाच्या खाली भीती होती. ज्या माणसानं लग्नानंतर मला स्वतः मोटरसायकल शिकवली, गावातल्या बायका बघत असताना मागे धावत धावत शिकवली, तो माणूस आता पाण्याचा ग्लास मागत होता, आणि मी देत होते. आम्ही सगळेच देत होतो. पाणी तिथं, जेवण तिथं, तंबाखूची डबी तिथं, चार्जर लांबवून तिथं. हात लांब केला की सगळं हाताला लागायचं. या घराची मांडणी आम्हीच त्या खुर्चीभोवती करून घेतली आहे हे मला फार उशिरा कळलं.

मी एकदा चिडून विचारलं, "मामाजी, तुम्हाला उठावंसंच वाटत नाही का?"

रस्त्याकडे बघत ते म्हणाले, "वाटते ना. पण उठून जाऊ कुठी? गाडी घेऊन निघालो की मुक्कामाचं गाव माहीत राहे. आता उठलो, तर कुठी जाऊन राह्यलो ते मलेच नाई माहीत."

यावर माझ्याकडे आकृती नव्हती.

पुढचं जे झालं ते सासूबाईंनी केलं. त्यांचं शिक्षण चौथीपर्यंत. त्यांनी काही ठरवून केलं असं त्या आजही मान्य करत नाहीत.

एके दिवशी सकाळी त्यांनी चहाचा ग्लास खुर्चीजवळ न देता उंबऱ्यावर ठेवला आणि अंगणात निघून गेल्या. खुर्चीपासून उंबरा असेल तीन पावलं.

"चाय कुठी हाय?" मामाजींनी आवाज दिला.

"उंबऱ्यावर ठेवली हाय."

"तिथी कायले ठेवली?"

"माये गुडघे दुखून राह्यले. मले उंबरा चढा-उतराले होत नाई."

मी द्यायला निघाले, तर सासूबाईंनी अंगणातूनच माझ्याकडे असं पाहिलं की मी भांडी घासायला गेले. चहावर साय धरली. दुपारी तो ग्लास तसाच आत आला. दुसऱ्या दिवशीही तेच. मामाजी दोन दिवस बिनचहाचे राहिले आणि घरात कुणाशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी मी शाळेला निघताना पाहिलं, तर ते उंबऱ्याशी एका हातानं चौकट धरून उभे होते आणि चहा पीत होते. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही. मीही हेल्मेट घातलं.

आठवड्यानं चहा ओट्यावर गेला. मग अंगणातल्या कडुलिंबाखाली, जिथं सासूबाई तूर निवडत बसायच्या. मामाजींनी कुरकुर केली, पण ग्लास जिकडे जाई तिकडे ते जात. एका वेळी चार-पाच पावलांपेक्षा जास्त सासूबाईंनी कधी वाढवलं नाही. मी एकदा उत्साहानं म्हटलं, "आई, आता एकदम चौकात ठेवा ना." त्या म्हणाल्या, "तुले घाई कायची हाय?"

मधे त्यांच्या भावाच्या घरी लग्न निघालं आणि त्या आठ दिवस गेल्या. मामाजी पहिल्या सकाळी खुर्चीत बसून केविलवाण्या आवाजात म्हणाले, "बेटा, आज पाय लय जड वाटून राह्यले." मी चहा हातात दिला. एकदाच म्हणून दिला. मग आठही दिवस दिला. सासूबाई परत आल्या, बॅग खाली ठेवली, खुर्चीजवळचा रिकामा ग्लास उचलला आणि उंबऱ्यावर नेऊन ठेवला. महिनाभराचं काम पुन्हा पहिल्यापासून. मला बोलल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

त्याच सुमारास मला शाळेतल्या पेटीची लाज वाटू लागली. प्रयोगाच्या साहित्याची एक लाकडी पेटी सहा वर्षांपूर्वी आली होती आणि सुतळी बांधलेली तशीच कपाटावर होती. उघडली की यादी तपासावी लागणार, रजिस्टरला नोंद करावी लागणार, म्हणून मी उघडली नव्हती. दरवर्षी जूनमध्ये मी ठरवायचे आणि दरवर्षी पुठ्ठा आणि रुपया काढायचे. सासूबाईंचं बघून मी एका सोमवारी फक्त पेटी कपाटावरून खाली घेतली. दुसऱ्या दिवशी फक्त सुतळी कापली. बुधवारी झाकण उघडलं, आणि झाकण उघडल्यावर मात्र मला थांबता येईना. चुंबकांची शक्ती गेली होती, एका तराजूला पारडं नव्हतं, पण चार चाकांची एक छोटी गाडी धडधाकट होती. रजिस्टरला नोंद करायला वीस मिनिटं लागली. सहा वर्षं मी ज्याला घाबरत होते ते एवढंच होतं.

फेब्रुवारीपर्यंत मामाजी बसस्टँडपर्यंत पोचले. तिथं सासूबाई चहा नेऊ शकत नव्हत्या, पण तिथं टपरी होती. जीपवाले त्यांना ओळखत होते. कुठल्या गाडीचा आवाज कसा येतो आहे, कुणी गिअर कसा टाकला, यावर ते बोलत बसायचे आणि अकराला घरी यायचे. काठी खिळ्यालाच होती.

मार्चमधल्या एका दिवशी शाळेत मधली सुट्टी झाली आणि माझ्या पिशवीत डबा नव्हता. सकाळी तो भरून पिशवीत ठेवल्याचं मला स्पष्ट आठवत होतं. सुट्टी संपली, मी उपाशीच आठवीवर गेले. जडत्वाचा धडा उजळणीला होता. मी पेटीतली गाडी टेबलावर चालवून दाखवत होते, तेवढ्यात दारात मामाजी उभे. खाकी शर्ट, हातात माझा डबा.

"तुयी आई म्हणे, तू डबा विसरली," ते म्हणाले. "म्हटलं, एसटीनं जाऊन येतो."

मुलं उभी राहिली. घरच्या उंबऱ्यापासून निघून आठवीच्या खोलीपुढच्या पायऱ्या चढून हा माणूस इथवर आला होता. मी त्यांना आत बोलावलं आणि मुलांना सांगितलं, हे एसटीचे ड्रायव्हर आहेत, ब्रेक मारल्यावर माणसं पुढे का जातात ते यांना विचारा.

मामाजी आधी लाजले. मग टेबलावरच्या गाडीकडे बघून म्हणाले, "जातेत कारण त्याइले माहीतच नसते, गाडी थांबून राह्यली म्हणून. पाय थांबतेत, डोकं नाई थांबत."

"आणि गाडी सुरू होताना मागे का पडतात?" एका मुलीनं विचारलं.

"ड्रायव्हर कच्चा असला तर पडतेत," मामाजी म्हणाले. "भरल्या गाडीले दणका देऊन उचलत नसतेत, बाई. क्लच हळूहळू सोडा लागते. म्हाताऱ्या बायका उभ्या रायतेत गाडीत. त्याइले समजू बी नाई द्यायचं का गाडी निघाली."

वर्गात कुणी काही लिहून घेतलं नाही. मीही व्याख्या लिहिली नाही. त्यांना शेवटच्या बाकावर बसवलं, आणि शाळा सुटल्यावर मोटरसायकलवर मागे बसवून घरी आणलं. वाटेत त्यांनी मला तीन वेळा सांगितलं की मी गिअर उशिरा बदलते.

घरी आल्यावर मी सासूबाईंना विचारलं, "डबा पिशवीतून तुम्ही काढला होता का?"

"मी कायले काढू?" त्या म्हणाल्या आणि पीठ मळत राहिल्या.

आता मामाजी रोज बाहेर असतात. घरी काम असलं की सापडत नाहीत, यावरून सासूबाई बोलतात. अडचण आता दुसरी आहे. सासूबाईंचे गुडघे खरंच दुखत होते. त्याच डॉक्टरांनी पंधरा दिवस पाय खाली ठेवायचा नाही म्हणून सांगितलं आहे. मी समजावलं, आकृती काढली, नवऱ्यानं आवाज चढवला, मामाजी स्वतः चहा करून बाजेवर आणून देतात. त्या घोटभर पितात आणि उरलेला ग्लास हातात घेऊन म्हैस काय करते ते बघायला जातात. आज सहावा दिवस आहे. अजून काही सुचलेलं नाही.