भिंतीमागचं तळं

दादाच्या शोकसभेत एक गृहस्थ उठून म्हणाले, "वसंतराव गेलेले नाहीत. ते त्यांच्या तळ्याच्या पलीकडच्या काठावर आहेत. दुसऱ्या एखाद्या मुंबईत आत्ता चहा पीत बसले असतील." माना डोलल्या, कुणी डोळे पुसले. मी पहिल्या रांगेत होते आणि त्या गृहस्थांच्या हातातला माईक हिसकावून घ्यावा असं मला वाटत होतं. माझा भाऊ गेलाय. डिलाईल रोडच्या खोलीत, बुधवारी सकाळी, गालावर दाढीचा साबण तसाच असताना गेलाय. शेजाऱ्यांचा फोन आला तेव्हा मी प्रभादेवीला कुकर लावत होते... याच मुंबईत. दीड महिना झाला, माझा राग उतरत नाही.

दादाच्या कथांतलं तळं ज्यांनी फक्त वाचलंय, त्यांना ते फार मोठं प्रकरण वाटतं. एकच तळं, अनेक मुंबयांमध्ये असलेलं. एका मुंबईत गिरण्या अजून चालू, एकीत समुद्र परळपर्यंत आलेला, एकीत आमचे बाबा अजून रात्रपाळीला जाणारे; तळं मात्र सगळीकडे तेच. दिवाळी अंकांतून त्यावर वर्षानुवर्षं कथा आल्या, जाणकारांनी लेख लिहिले. पण त्याचा उगम मला विचारा. मी सात वर्षांची होते, तो अकराचा. चाळीमागच्या गिरणीच्या भिंतीपलीकडे तळं आहे, असं त्यानेच ठरवलं. मला त्यात कमळं हवी होती, त्याला सुसर. मी रडून गॅलरी डोक्यावर घेतली तेव्हा तो म्हणाला, "अगो शाले, भांडतंस कित्याक? एका मुंबईत कमळां, दुसऱ्या मुंबईत सुसर. झाला?" एवढंच होतं ते. धाकट्या बहिणीला गप्प करायची युक्ती.

पुढे ती युक्ती त्याच्या अंगवळणी पडली. परळची एक चांगली मुलगी सांगून आली होती. याला हो म्हणवेना, नाही म्हणवेना. ती बिचारी वर्षभर थांबली आणि मग तिने दुसरीकडे लग्न केलं. "एका मुंबईत आमचं लग्न झालंय," असं तो हसत सांगायचा आणि मीही हसायचे. तिथे हसायला नको होतं. कथांचंही तेच. दोन शेवट लिहून तो रविवारी माझ्याकडे यायचा. मी शाळेत मराठी शिकवायचे, लाल पेन्सिल हाताशी असायचीच. मी एका शेवटावर बरोबरची खूण करायचे. दुसरा तो घडी घालून खिशात ठेवायचा आणि म्हणायचा, "हा तिकडे छापून येईल." लोक त्याला प्रतिभावंत म्हणत राहिले. शेवट मी ठरवत होते.

मग डॉक्टरांनी बायपास सांगितली, लांबवू नका म्हणाले. दादा इस्पितळाचा फॉर्म घेऊन आला, माझ्या टेबलावर ठेवला आणि शेजारी माझी लाल पेन्सिल सरकवली.

"शाले, तूच सांग. करू की नको?"

"दादा, ही कथा नाही."

"अगं, एका मुंबईत माझं ऑपरेशन झालंय. तिथला मी ठणठणीत आहे."

तो नेहमीसारखाच हसला आणि माझं डोकं फिरलं. जन्मभर याचे निर्णय मी घ्यायचे, आणि उद्या काही बरंवाईट झालं तर तेही माझ्याच माथी. मी म्हटलं, "तुझं तू ठरव. नाहीतर मर जा तिकडे त्या तळ्यात." हे मी म्हटलं. शोकसभेत हे कुणी सांगितलं नाही, कारण कुणाला माहीत नव्हतं. तो फॉर्म उचलून गेला. तीन आठवडे मी फोन केला नाही, त्यानेही नाही. मग शेजाऱ्यांचा आला.

तेव्हापासून मी त्याला मनात शिव्या घालत होते. भित्रा, पळपुटा, स्वतःच्या जिवाचाही निर्णय न घेणारा... गेल्या आठवड्यात खोली आवरायला गेले. दाढीचा ब्रश आरशाखाली तसाच वाळून बसला होता. टेबलावर फॉर्म होता. रुग्णाच्या नावापुढे दादाची सही, पूर्ण नावाची, वळणदार, आणि खाली तारीख. माझ्याकडून गेला त्याच्या दुसऱ्या दिवशीची.

म्हणजे त्याने ठरवलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा, एकट्याने. फक्त खालचा एक रकाना कोरा होता... नातेवाईकाची सही. त्यासाठी त्याला पुन्हा माझ्या दारात यावं लागलं असतं, आणि मी तर त्याला मर म्हटलं होतं. अरे, एक फोन करायचास. नाहीतर मी करायचा होता. आम्ही दोघंही आमच्या आईसारखे, मोडू पण वाकणार नाही.

मी सगळे खण उपसले, खिसे पाहिले. दुसरा कागद कुठेही नव्हता. या खेपेला त्याने एकच शेवट लिहिला होता.

फॉर्मवर माझी लाल पेन्सिल ठेवलेली होती, त्या दिवशी तो घेऊन गेला होता तीच, टोक काढून. मी त्याच्या खुर्चीत बसले आणि कोऱ्या रकान्यात सही केली. पेन्सिलीची सही चालत नाही, हे मला माहीत आहे.