अकोल्याचं जोतं

बाळांनो, मागच्या रविवारी व्हिडिओ कॉलवर तुम्ही विचारलंत, अकोल्याचा तो अर्धवट प्लॉट आपण विकत का नाही? मी नेट गेल्याचं निमित्त केलं. नेट गेलं नव्हतं. विकायचा की नाही ते तुम्ही सगळे ठरवा, पण तो कुणासाठी घेतला होता हे आधी ठाऊक असावं, म्हणून लिहिते आहे.

तुमचे आजोबा पाटबंधारे खात्यातून निवृत्त झाले तेव्हा आम्ही अमरावतीला सरकारी क्वार्टरमध्ये होतो. त्यांची धाकटी बहीण, तुमची आत्याआजी, लवकर विधवा झालेली. अकोल्याला भाड्याच्या खोलीत राहून शिवणकाम करायची. तिला दोन खोल्या बांधून द्यायच्या, हे आजोबांच्या मनात फार वर्षं होतं. प्लॉट तिच्या नावावर घेतला. रजेच्या पैशांतून जोतं उभं राहिलं. भिंती आणि छत ग्रॅच्युइटीतून व्हायचं होतं.

क्वार्टर सोडायचा दिवस पितृपक्षात आला. आजोबा मिस्त्रीशी बोलायला अकोल्याला निघाले. जाताना म्हणाले, "किल्ली ऑफिसात दे आणि ताबा पावती घे." तेवढ्यात आमच्या जागी येणाऱ्या साहेबांच्या पत्नी आल्या. "ताई, पितृपक्षात नव्या घरात राहायला येत नाही आम्ही. पण किल्ली आजच देता का? घट बसले की सामान आणतो." मी चहा केला, त्यांना हळदकुंकू लावलं आणि किल्ली हातात ठेवली. कुंकू लावलेल्या बाईकडे पावती कशी मागायची? ऑफिसात उद्या कळवू म्हटलं, ते आमच्या नव्या घरात सामान लावण्यात राहूनच गेलं.

आजोबांनी विचारलं, "पावती घेतली ना?"

"आहे कुठेतरी," मी म्हणाले.

माझा कागद कधी हरवत नाही हे सगळ्या घराला माहीत. त्यांनी पुन्हा विचारलं नाही.

पुढे त्या साहेबांची बदली दुसरीकडे झाली. ते कुटुंब राहायला आलंच नाही आणि किल्लीही त्यांच्याबरोबर गेली. ऑफिसच्या हिशेबी ते बंद घर आमच्याच ताब्यात राहिलं. त्याचं दंडाचं भाडं चढत गेलं आणि आजोबांची ग्रॅच्युइटी अडवली गेली. तेव्हा मी त्यांच्याबरोबर ऑफिसात गेले आणि खरं काय झालं ते सांगितलं. बाबू हसला. "मॅडम, कुंकू लावलं त्याची तरी पावती आहे काय?" त्या साहेबांनी लिहून दिलं की आपण ताबा कधी घेतलाच नाही. ते खोटंही नव्हतं.

बाहेर पडल्यावर आजोबा एवढंच म्हणाले, "रसवंतीवर थांबायचं का?" आम्ही थांबलो. माझा ग्लास तसाच राहिला.

त्यांचे अर्ज चालू राहिले. मधेच आत्याआजीच्या घरमालकाला खोली हवी झाली आणि ती आमच्याकडे आली. तुम्हांला ती मागच्या खोलीतली आठवत असेल. स्वतःच्या भावाच्या घरात ती उन्हाळ्यातसुद्धा विचारायची, "वयनी, पंखा लावू काय?" प्रत्येक वेळी मला जोतं दिसायचं.

एकदा मी तिच्यासमोर रडले. ती म्हणाली, "काहून रडून राह्यल्या, वयनी? मले इथं काय कमी हाय? अन् किल्ली देली तं देली, चोराले थोडी देली!" मग ती उठली आणि तेव्हाही "पंखा लावू काय?" असं विचारूनच तिने बटण दाबलं.

भाडं कापून उरलेले पैसे शेवटी आले. तोवर आत्याआजी गेली होती. आजोबांनी पुढे बांधकाम केलं नाही, मीही सुचवलं नाही. पावतीचा विषय त्यांनी अखेरपर्यंत काढला नाही. काढला असता तर बरं झालं असतं.

दूधवाल्याकडेही पावती मागते म्हणून तुम्ही मला हसता. हसा.

प्लॉट अजून आत्याआजीच्याच नावावर आहे. कर तुमचे बाबा भरतात. जोतं शाबूत आहे.