आईसाठी तापवलेली फरशी

आई मागच्या वेळी आमच्याकडे इंग्लंडात, मिल्टन कीन्सला आली आणि मुक्काम अर्धा टाकून सोलापूरला परत गेली, ती आमच्या किचनच्या गार फरशीमुळे. तिला उभ्यानं काही जमत नाही. भाजी चिरायची तर खाली मांडी घालून, विळीवरच. पाट दिला, दोन-दोन मोजे घातले. "फरशी चावते गं," म्हणत ती गुडघे चोळत बसायची. खुर्ची पुढे केली की म्हणायची, "खुर्चीत बसून का कुठं मेथी निवडतात?"

ती गेल्यावर मी हट्टच धरला. फरशीखाली पाण्याचे पाइप घालायचे आणि आईला परत आणायचं. प्रश्न एवढाच होता की ते पाणी तापवायचं कशावर. नवऱ्याला गॅसचा बॉयलर बरा वाटत होता. "बटण दाबलं की इन्स्टंट हीट. अजून काय हवंय तुला?" हीटिंगचं काम करणाऱ्यानं सांगितलं की बॉयलरही चालेल, पण फरशीला कढत पाणी लागतच नाही, कोमट पुरतं. बाहेर हीट पंप बसवला तर तो हवेतली ऊब ओढून दिवसभर पाणी कोमट ठेवेल. फक्त सारखा चालू-बंद करायचा नाही. मला पहाटे सगळ्यांच्या आधी उठणारी आई दिसत होती. तिच्या आधी फरशी जागी हवी. मी पंप घ्यायला लावला.

नवरा खोलीबाहेर पडताना दिवा घालवणाऱ्या घरात वाढलेला. कामाला निघताना तो पंपही घालवायचा. संध्याकाळी फरशी थंडगार, आणि वर हाच म्हणणार, "बघ, सांगत होतो!" एकदा बटणापाशीच पकडला. जित्याची खोड, दुसरं काय! त्यानंतर तिथे 'हात लावू नये' असा कागद चिकटवला. मग फरशी हळूहळू तापली आणि तशीच राहिली.

त्या दिवशी मी मोजे काढून अनवाणीच किचनभर फिरले. इतका आनंद झाला की लगेच आईला व्हिडिओ कॉल लावला. "ये आता. तिकीट काढते."

आई म्हणाली, "डॉक्टरांनी खाली बसायला बंदी केलीय गं. गुडघे गेलेत. एवढा लांबचा प्रवासही नको म्हणालेत. तुझं फरशीचं काम चाललेलं, म्हणून सांगितलं नाही."

मला तिचा राग आला, आणि ती त्याच क्षणी समोर हवी होती.

"तू बस की खाली," ती म्हणाली. "मला बघू दे."

फोन डब्याला टेकवून मी मांडी घातली.

"गरम लागतीय?"

"लागतीय."

"बरं झालं," म्हणत तिनं मान खाली घातली. तेव्हा कुठे मला तिच्या मांडीवरचं ताट दिसलं. आई खुर्चीत बसून मेथी निवडत होती.